चिचेन इत्झाची एक दिवसाची सहल: गाइड, घड्याळ आणि गुडघे

चिचेन इत्झा म्हणजे मेक्सिकोतलं माया लोकांचं जुनं शहर, आता अवशेष उरलेलं. तिथे मी दोनदा गेलो. पहिल्यांदा ह्यूस्टनहून चार मित्रांबरोबर. कान्कुनच्या हॉटेलच्या लॉबीत टेबल मांडून बसलेल्या माणसाकडून सगळ्यात स्वस्त सहल घेतली होती. सकाळी सातला निघालो. हॉटेलांहॉटेलांवरून माणसं गोळा करण्यात दीड तास गेला. मग एका 'हस्तकला केंद्रा'त पाऊण तास, मग टकीलाची चव, मग सेनोतेत, म्हणजे जमिनीतल्या खोल डोहात, डुबकी, मग बुफे. पिरॅमिडसमोर उभे राहिलो तेव्हा टळटळीत दुपार झाली होती आणि गाइड म्हणाला, दीड तासात बसपाशी या. तेरा तासांच्या दिवसात दीड तास! एवढ्यात लग्नाच्या पंगतीतसुद्धा दुसरा भात येत नाही.

दुसऱ्यांदा आई-बाबा डहाणूहून आले होते. आईचे गुडघे, बाबांचं औषधांचं वेळापत्रक आणि आमचं शाकाहारी जेवण, एवढं सांभाळून तो दिवस आखला आणि तो छान गेला. पहिल्यांदाच जाणाऱ्यांनी काय, कुठल्या क्रमाने करावं ते या दोन सहलींवरून लिहितो आहे.

आधी कागद

भारतीय पासपोर्टवर अमेरिका, कॅनडा, ब्रिटन, जपान किंवा शेंगेन देशांचा वैध व्हिसा असेल, तर मेक्सिकोचा वेगळा पर्यटक व्हिसा काढावा लागत नाही. ग्रीन कार्ड असेल तरी चालतं. म्हणून मुलांकडे अमेरिकेत आलेल्या आई-वडिलांना कान्कुनला नेणं तसं सोपं आहे. मात्र 'वैध' या शब्दावर बोट ठेवून वाचा. नोकरीच्या व्हिसावर असणाऱ्या पुष्कळांचे कागद चालू असतात, पण पासपोर्टवरचा शिक्का संपलेला असतो. तो संपलेला शिक्का मेक्सिकोत शिरायला उपयोगाचा नाही. विमानाचं तिकीट काढण्याआधी मेक्सिकोच्या वकिलातीच्या संकेतस्थळावरचा ताजा नियम एकदा पाहून घ्या.

हीच जागा का?

कान्कुनच्या बाजूला मुक्काम असेल तर माया अवशेषांचे तीन पर्याय समोर येतात. तुलुम समुद्रकाठच्या कड्यावर आहे, फोटो सुंदर येतात, अर्ध्या दिवसात उरकतं. कोबा रानात पसरलेलं आहे, तिथे सायकलवरून हिंडता येतं. चिचेन इत्झा सगळ्यांत लांब, सगळ्यांत गर्दीचं, आणि तरीही एकच जागा पाहायची असेल तर माझं मत तिलाच. एवढं मोठं शहर, इतक्या वेगवेगळ्या प्रकारच्या इमारती आणि सपाट चालणं, हे तिन्ही एकत्र इथेच मिळतं. 1988 पासून ते युनेस्कोच्या जागतिक वारशात आहे. 2007 साली 'नवी सात आश्चर्यं' निवडली गेली त्यात ताजमहालाच्या बरोबरीने याचंही नाव होतं, आणि तिथली गर्दी तेव्हापासून हटलेली नाही.

घड्याळाची गंमत

हा भाग नीट वाचा, कारण सगळा दिवस यावर ठरतो. कान्कुन किंताना रो राज्यात आहे आणि चिचेन इत्झा युकातान राज्यात. दोन्हींच्या घड्याळांत वर्षभर एका तासाचा फरक असतो. कान्कुनला सकाळचे नऊ वाजतात तेव्हा चिचेनला आठ वाजलेले असतात. अंतर साधारण 200 किलोमीटर, टोलच्या रस्त्याने अडीच तास. अवशेषांचं दार आठला उघडतं. म्हणजे कान्कुनहून सव्वासहाला निघालात, तर कान्कुनच्या घड्याळात पावणेनऊला आणि तिथल्या घड्याळात पावणेआठला तुम्ही दारात.

सकाळचा हा एक तास फुकट मिळतो. मोठ्या बसगाड्या साडेदहा-अकराच्या सुमारास येऊन थडकतात. त्याआधीचे अडीच तास पटांगण मोकळं असतं, ऊन कोवळं असतं आणि गाइडचा आवाज ऐकू येतो.

संध्याकाळी हाच तास परत द्यावा लागतो. चिचेनहून तीनला निघालात तरी कान्कुनला पोचेपर्यंत तिथल्या घड्याळात साडेसहा वाजतात. त्या रात्रीचं विमान धरू नका.

पहाटे उठणं जमणार नसेल तर आदल्या रात्री वायादोलिदला मुक्काम करा. 1543 साली स्पॅनिशांनी वसवलेलं ते टुमदार गाव युकातानातच आहे, त्यामुळे घड्याळाची भानगड नाही, आणि अवशेष जेमतेम पाऊण तासावर. आई-बाबांबरोबर आम्ही हेच केलं. डिसेंबर 2023 पासून माया ट्रेनही धावते आहे आणि चिचेन इत्झाचं स्थानक आहे. पण स्थानक अवशेषांपासून काही अंतरावर आहे आणि गाड्यांच्या वेळा पहाटेच्या बेताशी जुळतील असं नाही. वेळापत्रक बघूनच ठरवा.

सहल विकणाऱ्याला काय विचारायचं

किंमत सगळ्यात शेवटी विचारा. पहिला प्रश्न हा: 'प्रत्यक्ष अवशेषांत किती तास, आणि किती वाजता?' उत्तर 'दोन तासांच्या आत' किंवा 'दुपारी' असं आलं, तर धन्यवाद म्हणून उठा.

दुसरा प्रश्न: प्रवेशशुल्क धरून आहे का? इथे दोन तिकिटं लागतात, एक केंद्राच्या पुरातत्त्व संस्थेचं आणि एक युकातान राज्याचं. दोन्ही मिळून परदेशी माणसाला सहाशेपेक्षा जास्त पेसो पडतात आणि दर वरचेवर वाढतात. स्वस्त सहलीत हे पैसे धरलेले नसतात. बस निघाल्यावर गाइड पिशवी घेऊन येतो आणि 'कर' म्हणून ते गोळा करतो. आमचा स्वस्तपणा तिथेच संपला होता.

तिसरा: गाडीत किती माणसं आणि किती हॉटेलांवर थांबे? बारा-चौदा जणांची लहान गाडी दिसायला महाग असते, पण वाचलेल्या वेळाचा हिशेब केलात तर स्वस्त पडते. चौथा: दुकानाचा थांबा आहे का? 'फक्त स्वच्छतागृहासाठी' असं उत्तर मिळालं तर दुकान आहे असं समजा.

गाइड स्वतंत्रपणेही मिळतो. प्रवेशदारापाशी सरकारी ओळखपत्र गळ्यात घातलेले गाइड उभे असतात, इंग्रजी बोलणारा सहज भेटतो. दर माणशी नसून गटाचा असतो. म्हणून रांगेतल्या आणखी एखाद्या कुटुंबाला विचारून वाटून घ्या. गाडी भाड्याने घेणार असाल, तर गावोगावच्या 'तोपे'पासून जपा. हे आपले गतिरोधकच, पण काही असे उंच की मुंबई-गोवा महामार्गाची आठवण यावी.

केव्हा जावं

नोव्हेंबरच्या अखेरीपासून मार्चपर्यंत. एप्रिल-मे म्हणजे विदर्भाचा उन्हाळा आणि वर कोकणाचा दमटपणा. जून ते नोव्हेंबर हा चक्रीवादळांचा हंगाम. रविवारी मेक्सिकन नागरिकांना प्रवेश मोफत असतो, तेव्हा जत्रा भरते.

21 मार्च आणि 22 सप्टेंबरच्या आसपास, दिवस-रात्र समान असताना, उतरत्या उन्हात पिरॅमिडच्या उत्तरेकडच्या जिन्याच्या कठड्यावर सावलीचे त्रिकोण पडतात आणि खालच्या दगडी मुंडक्यापर्यंत साप सरपटत उतरल्यासारखा दिसतो. तो बघायला हजारो लोक येतात. हौस असेलच तर नेमका तो दिवस टाळून दोन-तीन दिवस आधी किंवा नंतर जा. साप तेव्हाही उतरतो आणि तो बघताना पुढच्याचं डोकं आड येत नाही.

पिशवीत काय

टोपी, पाणी, बंद बूट. पटांगणात झाड जवळपास नाही, म्हणून आईने घडीची छत्री नेली होती, तिचा सगळ्यांना हेवा वाटला. पोहण्याचे कपडे आणि पंचा. पासपोर्टचा फोटो मोबाइलमध्ये. ड्रोन आणि कॅमेऱ्याची तिवई आणू नका. व्हिडिओ कॅमेऱ्याचं वेगळं शुल्क पडतं, मोबाइलचं नाही.

रोख पेसो जवळ ठेवा. डॉलर घेतात, पण आपल्याला परवडणाऱ्या भावाने नव्हे. पेसोचं चिन्ह डॉलरसारखंच असतं, त्यामुळे पाटीवर नारळपाण्यापुढे ते चिन्ह आणि 50 बघून बाबा दचकलेच होते.

आत शिरल्यावर

झाडीतून बाहेर पडताच समोर एल कास्तियो, म्हणजे कुकुलकानचा पिरॅमिड. कुकुलकान म्हणजे पिसांचा साप. सगळे तिथेच थांबून फोटो काढतात. तुम्ही आधी गाइडचं गणित ऐका. चारही बाजूंना 91 पायऱ्या, त्यांचे झाले 364, आणि वरचा चौथरा धरून 365. माया लोकांचं सौर वर्ष 20 दिवसांचे 18 महिने आणि वर 5 दिवस असं होतं. ते विसाच्या पटीत मोजत आणि शून्य वापरत. शून्य आपलंच असं मानणाऱ्या बाबांना हे जरा खटकलं, पण विसाचं गणित ऐकून ते खुलले. आमच्याकडची जुनी माणसं वय 'तीन इसा' असं सांगायची, तो हिशेब त्यांनी गाइडला समजावला. गाइड स्वतः माया होता, घरी माया भाषा बोलणारा. मेक्सिकोत आजही सात-आठ लाख लोक ती बोलतात. तेव्हा 'माया लोक कुठे गायब झाले?' हा प्रश्न गाइडला विचारू नका. तो तुमच्यासमोरच उभा असतो. निरोप घेताना 'दिओस बोओतिक' म्हणा, ते त्यांचं धन्यवाद.

पिरॅमिडवर चढता येत नाही. 2006 साली एक पर्यटक बाई पडून दगावल्या, त्यानंतर ते बंद झालं. हे ऐकून पुष्कळांचा विरस होतो. आमच्या आईला मात्र हायसं वाटलं. सगळं बघणं सपाटीवर आलं, त्यामुळे गुडघ्यांचा प्रश्नच मिटला. एकूण चालणं तीन-चार किलोमीटर धरा.

चढता येत नाही, पण आत काय आहे ते गाइडकडून समजून घ्या. हा तीस मीटर उंच पिरॅमिड एकटा नाही. त्याच्या पोटात वीसेक मीटरचा दुसरा आहे, आणि त्याच्याही पोटात दहा मीटरचा तिसरा असल्याचं 2016 मध्ये संशोधकांनी सांगितलं. मधल्या पिरॅमिडात लाल रंगाचं जग्वाराचं आसन सापडलं, अंगावर हिरव्या जेडचे ठिपके असलेलं. वेरूळचं कैलास वरून खाली कोरत आणलं. इथे जुनं देऊळ न पाडता त्याच्यावर नवं चढवलं. चिचेनचा भरभराटीचा काळ कैलासच्या थोडा नंतरचा, साधारण इ.स. 800 ते 1100.

वरच्या देवळाच्या दारांवरच्या तुळया झापोतेच्या लाकडाच्या होत्या. झापोते म्हणजे आपला चिकू! घोलवडच्या चिकूवाड्यांत आयुष्य गेलेल्या माणसाला हे सांगितलं तर काय होणार? चिकू हा मूळचा याच भागातला, च्युइंग गमचा चीक याच झाडाचा आणि लाकूड शतकानुशतकं टिकणारं, हे ऐकून बाबा म्हणाले, 'आणि आम्ही फांद्या छाटून चुलीत घातल्या.' वाटेत गाइडने रानातलं झाड दाखवलं. बाबांनी पिरॅमिडपेक्षा त्याचे फोटो जास्त काढले.

पुढच्या जिन्यासमोर उभे राहून एकदा टाळी वाजवा. पायऱ्यांवरून येणारा प्रतिध्वनी पक्ष्याच्या चिवचिवाटासारखा असतो. गाइड तो केत्झाल पक्ष्याचा आवाज असल्याचं सांगतो. बांधणाऱ्यांनी हे ठरवून केलं की नाही यावर वाद आहे, पण आवाज खरा आहे आणि सकाळी आठला तो स्वच्छ येतो. अकरानंतर सगळेच टाळ्या वाजवत असतात. मग पिरॅमिडला वळसा घालून मागे जा. तिकडच्या बाजू पूर्ण दुरुस्त केलेल्या नाहीत, त्यामुळे हे सगळं सापडलं तेव्हा कसं दिसत असेल त्याची कल्पना येते.

चेंडूचं मैदान 168 मीटर लांब आणि 70 मीटर रुंद, मेसोअमेरिकेतलं, म्हणजे मेक्सिको आणि मध्य अमेरिकेच्या जुन्या संस्कृतींच्या प्रदेशातलं, सगळ्यात मोठं. उंच भिंतींवर दगडी कडी आहेत. रबराचा चेंडू त्यातून घालवायचा. भिंतीच्या पायथ्याशी कोरलेल्या पट्ट्यात एक खेळाडू मुंडकं उडालेला, गुडघ्यावर टेकलेला दिसतो आणि त्याच्या मानेतून रक्ताच्या जागी साप निघताहेत. इथे तुमच्या गाइडची परीक्षा होते. 'जिंकणाऱ्याचं डोकं उडवत, तो मान समजत' असं ठासून सांगणारा गाइड मीठ-मसाला लावतोय. जिंकणारा की हरणारा, हे ठामपणे सांगता येईल असा पुरावा नाही. चांगला गाइड तेच सांगतो आणि चित्र दाखवतो.

तेच पवित्र सेनोतेचं. पिरॅमिडपासून उत्तरेला सुमारे तीनशे मीटरची 'साक्बे', म्हणजे पांढरी वाट, साठेक मीटर व्यासाच्या या खोल डोहाकडे जाते. चिचेन इत्झा या नावाचा अर्थच 'इत्झांच्या, म्हणजे इथल्या माया लोकांच्या, विहिरीच्या तोंडाशी'. एडवर्ड थॉम्पसन या अमेरिकन माणसाने इथली जमीन विकत घेऊन 1904 पासून डोह उपसायला सुरुवात केली. सोनं, जेड, धूप आणि माणसांची हाडं निघाली. बराचसा माल हार्वर्डच्या संग्रहालयात गेला, काही पुढे परत आला. 'इथे कुमारिकांचा बळी देत' ही लोकप्रिय गोष्ट, पण हाडं पुरुषांची, बायकांची, मुलांची, सगळ्यांचीच आहेत. डोहाजवळच्याच एका भूमिगत टाक्यात सापडलेल्या 64 बालकांची डीएनए तपासणी 2024 मध्ये प्रसिद्ध झाली. ते सगळे मुलगे निघाले, त्यांत जुळ्यांच्या दोन जोड्या होत्या. आमच्या गाइडला हे ठाऊक होतं. त्याने ते आवाज न चढवता सांगितलं आणि मग बराच वेळ कोणी बोललं नाही.

बहुतेक सहली दक्षिणेकडे जातच नाहीत. तुम्ही जा. एल काराकोल ही गोल वेधशाळा तिकडेच आहे. आतला जिना गोगलगाईसारखा वळत जातो म्हणून ते नाव, आणि तिच्या खिडक्या शुक्राच्या उदय-अस्ताच्या दिशांशी जुळतात असं मानतात. पुढे लास मोन्हास नावाच्या इमारतीच्या भिंतींवर लांब नाकाचे मुखवटे आहेत, ते पर्जन्यदेव चाकचे असं सांगतात. या प्रदेशात जमिनीवरून वाहणारी नदी नाही, पावसाचं पाणी चुनखडीत मुरून खाली जातं. पावसाच्या देवाचं नाक भिंतीभिंतीवर का, ते मग कळतं.

वाटेवर फेरीवाले भेटले तर जग्वाराची डरकाळी काढणाऱ्या शिट्ट्यांनी तुम्ही एकदा तरी दचकणार. घासाघीस चालते. अर्ध्यापासून सुरू करा, पण लाकडी मुखवटा हाताने कोरलेला दिसला तर फार ताणू नका.

सेनोते

अवशेषांनंतरच करा, आधी नाही. ओल्या कपड्यांनी उन्हात हिंडणं वाईट. इक किल सगळ्यात जवळचा, वरून वेली लोंबणारा, फोटोंतला प्रसिद्ध. पाण्यात उतरण्याआधी शॉवर घ्यावा लागतो आणि अंगाला क्रीम चालत नाही, पाणी खराब होतं म्हणून. जीवरक्षक जाकीट मिळतं, त्यामुळे पोहता न येणाऱ्यालाही तरंगता येतं. गुडघ्यांचा प्रश्न खरा इथे येतो. पाणी पंचवीसेक मीटर खाली आणि पायऱ्या ओल्या. आई वरच्या कठड्यावरच बसली. बाबा डहाणूच्या खाडीत पोहलेले, त्यांना बाहेर काढायला मला खाली जावं लागलं.

शाकाहारी माणसाचं पोट

युकातानचं नावाजलेलं कोचिनीता पिबिल म्हणजे डुकराचं मांस. आंबट लिंबाचं सूप कोंबडीचं. राजम्यासारखा दिसणारा काळा घेवडाही पुष्कळदा चरबीत परतलेला असतो, म्हणून 'सिन कार्ने, सिन पोयो, सिन मान्तेका' हे तीन तुकडे पाठ करा: मांस नको, कोंबडी नको, चरबी नको. अंडं चालत असेल तर पापादझुलेस मागवा, भोपळ्याच्या बियांच्या रश्शातल्या अंड्याच्या पोळ्या. चाया नावाच्या पाल्याच्या भाज्या मिळतात. 'हामाइका' नावाचं लाल सरबत म्हणजे लाल अंबाडीच्या बोंडांचं. आईने एका घोटात ओळखलं. हाबानेरो मिरची ठेच्याची सवय असलेल्यांनीही सुरुवातीला काडीच्या टोकावर घ्यावी. बाबांनी चमच्याने घेतली, आणि वायादोलिदपर्यंत कोणाशी बोलले नाहीत.

औषधांच्या वेळा कान्कुनच्या घड्याळाने लावल्या असतील तर गाइडला ते सकाळीच सांगून ठेवा. गाइडला 'प्रोपिना', म्हणजे बक्षिशी, शेवटी गाडीतून उतरताना रोख द्यायची असते. तेव्हा सुटे नसले की फार अवघडतं. शंभराच्या दोन-तीन नोटा वेगळ्या खिशात ठेवा.